अंगणवाडी सेविकेची निवड आणि जातीचे गुण : वाद नेमका कुठे अडतो

तालुक्याच्या बालविकास प्रकल्प कार्यालयात तात्पुरती गुणवत्ता यादी लागली की गर्दी एका रकान्याभोवती जमते. बारावीच्या टक्क्यांवर कुणी बोलत नाही, कारण गुणपत्रिका सगळ्यांच्या हातात असते. बोलणं होतं ते अतिरिक्त गुणांवर, त्यातही जातीच्या. पहिली आणि दुसरी यांच्यात दोन-चार गुणांचं अंतर असतं आणि ते अंतर बहुतेक वेळा तिथूनच आलेलं असतं. मग आक्षेप, जिल्हा परिषद, वकील आणि शेवटी उच्च न्यायालयाचं औरंगाबाद खंडपीठ. दरम्यान गावातली अंगणवाडी शेजारच्या गावच्या सेविकेकडे अतिरिक्त कार्यभार म्हणून चालते, म्हणजे आठवड्यातले काही दिवस नीट उघडतही नाही.

हे वाद जातीवरून पेटतात, पण निकाली निघतात कागदावरून आणि तारखेवरून. आपली बाजू खरी असूनही चुकीच्या कागदामुळे किंवा चुकीच्या दारात गेल्यामुळे हरलेल्या बायका मराठवाड्यात प्रत्येक तालुक्यात सापडतील. ते टळावं म्हणून हे सविस्तर लिहितो आहे.

ही जागा राखीव नसते

सगळ्यात मोठा गैरसमज आधी बाजूला करू. "आमच्या गावची जागा एससीला सुटली", "यंदा ओबीसीची पाळी होती" असं सर्रास बोललं जातं. सरपंचपदाच्या आरक्षणाची सवय असल्यामुळे तसं वाटतं. पण सेविकेची निवड एकेका अंगणवाडीसाठी, त्या गावातल्या रहिवासी बाईतून होते. एका अंगणवाडीत सेविकेचं पद एकच. एकाच पदावर आरक्षण लावलं तर ते शंभर टक्के आरक्षण होतं आणि ते चालत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 1998 साली चंदीगडच्या पदव्युत्तर वैद्यकीय संस्थेच्या प्रकरणात सांगितलेलं आहे. त्यामुळे आपल्याकडे बिंदुनामावलीऐवजी, म्हणजे कुठलं पद कुठल्या प्रवर्गाला हे ठरवणाऱ्या तक्त्याऐवजी, गुण ठेवले गेले. शिक्षणाचे गुण वेगळे आणि विधवा, अनाथ, मागास प्रवर्ग, अनुभव यांचे अतिरिक्त गुण वेगळे. दोन्हींची बेरीज करून यादी लागते.

म्हणून "राखीव जागेवर खुल्या वर्गातली बाई घेतली" अशी तक्रार पहिल्याच वाक्यात पडते. तक्रार करायची तर "मला या रकान्यात इतके गुण मिळायला हवे होते, इतके दिले" किंवा "तिला हे गुण देय नव्हते" अशीच करावी लागते.

राज्याचे दोन शासन निर्णय या बाबतीत वारंवार पुढे येतात, 13 ऑगस्ट 2014 चा आणि 2 फेब्रुवारी 2023 चा. दुसऱ्याने पात्रता बारावीवर नेली, सेविकेसाठीही आणि मदतनीसासाठीही. वय 18 ते 35, विधवेसाठी 40 पर्यंत. लहान कुटुंबाची अट, म्हणजे दोनच हयात अपत्यं. आणि त्याच महसुली गावची रहिवासी. जुन्या भरतीचा वाद असेल तर जुना निर्णय लागतो, नव्या भरतीला नवा. कोर्टात जाणाऱ्या बऱ्याच अर्जांत ही सरमिसळ झालेली असते. जाहिरातीच्या वर संदर्भ म्हणून जो शासन निर्णय छापलेला असतो, तोच धरायचा. निवड सुरू झाल्यावर अधिकाऱ्याला नियम बदलता येत नाहीत. तेजप्रकाश पाठक प्रकरणात 7 नोव्हेंबर 2024 रोजी घटनापीठाने हे पुन्हा पक्कं केलं. जाहिरातीत नसलेला कागद नंतर मागणं आणि जाहिरातीत असलेली अट एखादीसाठी सोडून देणं, दोन्ही गोष्टी यात येतात.

जात मोजायचीच कशाला

हा प्रश्न दुसऱ्या क्रमांकावरची बाई विचारते आणि तिचा राग समजण्यासारखा आहे. तिला बारावीला 74 टक्के, निवडलेलीला 61. उत्तर सेविकेच्या कामातच आहे. बाळंतीण माहेरी आली की सेविकेला त्या घरात जायचं असतं. उंबरा ओलांडून आत, बाळ हातात घेऊन, झोळीच्या काट्याला लावून वजन नोंदवायचं असतं. स्तनपान नीट होतंय का ते आईशेजारी बसून पाहायचं असतं. हे सहा महिने दर महिन्याला. जी बाई एका वस्तीत पाऊल टाकत नाही किंवा जिला दुसऱ्या वस्तीतले लोक उंबऱ्याच्या आत घेत नाहीत, तिच्या नोंदवहीत त्या घरांची वजनं अंदाजाने भरलेली असतात. कुपोषण लपतं ते इथे. मदतनिसाने शिजवलेला गरम ताजा आहार घ्यायला काही घरं पोरं पाठवत नाहीत, हेही गावात सगळ्यांना माहीत असतं, बोलत कुणी नाही.

अन्नाच्या हक्काच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हेच ओळखलं होतं. 20 एप्रिल 2004 च्या आदेशात शालेय पोषण आहाराचे स्वयंपाकी आणि मदतनीस नेमताना दलित, अनुसूचित जाती-जमातींना प्राधान्य द्यायला सांगितलं आणि त्याच वर्षी 7 ऑक्टोबरच्या आदेशात अनुसूचित जाती-जमातींच्या वस्त्यांवर लवकरात लवकर अंगणवाड्या सुरू करायला सांगितलं. वस्तीवर अंगणवाडी दिली आणि ताई मात्र गावठाणातून येणारी, तर त्या आदेशाचा जीव निघून जातो. माझ्या मते जातीचे गुण ही कुणावर मेहेरबानी म्हणून दिलेली सवलत नाही, ती कामाची गरज आहे. पण म्हणूनच ते गुण खऱ्या हक्कदारालाच गेले पाहिजेत, आणि त्यासाठी पडताळणी कडक हवी.

बिहारने वेगळा रस्ता धरला होता. तिथल्या मार्गदर्शिकेत अंगणवाडीच्या पोषक क्षेत्रात, म्हणजे त्या अंगणवाडीला जोडलेल्या वस्तीत, ज्या वर्गाची संख्या जास्त, त्या 'बाहुल्य वर्गा'तली सेविका घ्यायची. ऐकायला सरळ आहे, पण मग वाद सर्वेक्षणावर जातो. कुठलं घर कुठल्या क्षेत्रात, कुटुंबं मोजायची की माणसं. आपल्याकडच्या गुणपद्धतीत निदान ती गल्लीगल्लीची मोजणी नाही.

जातीच्या प्रमाणपत्रातल्या खाचाखोचा

जातीचं प्रमाणपत्र देतो उपविभागीय अधिकारी. अर्ज सेतू केंद्रात किंवा 'आपले सरकार' संकेतस्थळावर भरता येतो. प्रमाणपत्र मिळतं ते वडिलांच्या बाजूने. वडील, आजोबा, चुलते, आत्या यांचे शाळेचे निर्गम उतारे जोडावे लागतात आणि कुटुंब ठरावीक तारखेला या राज्यात राहत होतं हे दाखवावं लागतं. अनुसूचित जातीसाठी 10 ऑगस्ट 1950, अनुसूचित जमातीसाठी 6 सप्टेंबर 1950, विमुक्त जाती-भटक्या जमातींसाठी 21 नोव्हेंबर 1961, इतर मागासवर्गासाठी 13 ऑक्टोबर 1967. मराठवाड्यात 1948 पर्यंत निजामी होती, त्यामुळे जुन्या नोंदी उर्दूत किंवा मोडीत सापडतात. त्या वाचून घेऊन, भाषांतर प्रमाणित करून जोडायला दोन-तीन महिने सहज जातात. जाहिरातीची मुदत थोड्या दिवसांची असते. ज्यांच्या गावात पद रिकामं होणार हे दिसतं आहे, त्यांनी जाहिरातीची वाट न बघता हे काम आधी उरकावं.

लग्न झालेल्या बाईचं प्रमाणपत्र माहेरच्या नावाने असतं, अर्ज सासरच्या नावाने. यावर आक्षेप हमखास येतो. त्यात दम नसतो, पण उत्तर कागदाने द्यावं लागतं. विवाह नोंदणी दाखला, नसेल तर राजपत्रातली नावबदलाची नोंद किंवा दोन्ही नावं एकाच व्यक्तीची असल्याचं प्रतिज्ञापत्र. हे अर्जासोबतच लावलेलं बरं, आक्षेप आल्यावर नव्हे.

लग्नाने जात बदलत नाही, ना इकडे ना तिकडे. खुल्या वर्गातली मुलगी बौद्ध घरात सून म्हणून आली तरी तिला अनुसूचित जातीचे गुण मिळत नाहीत. वल्सम्मा पॉल (1996) आणि सुनीता सिंग (2018) या दोन निकालांनंतर त्यावर वादाला जागा उरलेली नाही. तसंच मातंग समाजातली मुलगी मराठा घरात दिली असेल तर ती अनुसूचित जातीचीच राहते. तिचे गुण "आता ती पाटलाची सून आहे" म्हणून कापता येत नाहीत. ही दुसरी चूक छाननीच्या टेबलावर जास्त होते, कारण गाव तिला सासरच्या आडनावाने ओळखतं.

आता मराठवाड्याचा खास प्रश्न. देगलूर, बिलोली, किनवट, उदगीर, उमरगा या पट्ट्यात तेलंगण आणि कर्नाटकाशी रोटी-बेटीचा व्यवहार आहे. 1956 पर्यंत हा सगळा मुलूख एकाच हैदराबाद राज्यात होता, नाती तेव्हापासूनची. पण याद्या राज्यनिहाय आहेत. बंजारा समाज महाराष्ट्रात विमुक्त जाती 'अ' मध्ये, तेलंगणात लंबाडा म्हणून अनुसूचित जमातीत (1976 च्या दुरुस्तीपासून) आणि कर्नाटकात अनुसूचित जातीत. आदिलाबादच्या तांड्यावरून किनवटच्या तांड्यावर आलेली सून माहेरचं जमातीचं प्रमाणपत्र लावते आणि यादीत तिला जमातीचे गुण पडतात. हे टिकत नाही. एका राज्यातली मागास ओळख दुसऱ्या राज्यात आपोआप चालत नाही, हे मर्री चंद्रशेखर राव (1990) पासून बीर सिंग (2018) पर्यंत घटनापीठांनी सांगितलं आहे. तिचे वडील 1961 साली महाराष्ट्राचे रहिवासी नसतील तर सहसा तिला इथलं विमुक्त जातीचं प्रमाणपत्रही मिळत नाही. तांड्यावरच जन्मलेल्या तिच्या नणंदेला जे गुण मिळतात ते तिला मिळत नाहीत. हे तिला अन्यायाचं वाटतं, आणि भाषा, रीत, घर सगळं एकच असताना तसं वाटणारच. पण अर्ज भरण्याआधी हे कळलं तर निवड होऊन वर्षभराने कामावरून कमी होण्याची नामुष्की तरी टळते.

राज्याच्या आतही असा एक खड्डा आहे. कैकाडी समाज विदर्भाच्या बहुतेक जिल्ह्यांत अनुसूचित जातीत आहे, मराठवाड्यात विमुक्त जातीत. बुलढाण्याची मुलगी जालन्यात दिली की तिच्या प्रमाणपत्रावरून दोन्ही बाजू भांडतात. अशा ठिकाणी प्रकल्प कार्यालयाने स्वतः ठरवण्यापेक्षा ज्या अधिकाऱ्याने प्रमाणपत्र दिलं त्याचा आणि समाजकल्याणचा लेखी अभिप्राय मागवणं शहाणपणाचं.

काहींच्या शाळेच्या दाखल्यावर फक्त 'बौद्ध' लिहिलेलं असतं. आक्षेप येतो, बौद्ध हा धर्म, जात कुठे आहे? 1990 च्या दुरुस्तीने अनुसूचित जातीतून बौद्ध झालेल्यांना अनुसूचित जातीचा दर्जा मिळालेला आहे. उपविभागीय अधिकाऱ्याने दिलेलं प्रमाणपत्र असेल तर दाखल्यावरच्या शब्दाने गुण जात नाहीत. मुस्लिम अर्जदारांचं उलट होतं. दाखल्यावर 'मुसलमान' एवढंच, आणि बागवान किंवा तांबोळी म्हणून ओबीसीचे गुण मागितलेले. इथे वडिलांकडच्या नोंदींत जात किंवा व्यवसाय दिसल्याशिवाय प्रमाणपत्रच निघत नाही, त्यामुळे वेळ तिथे जातो. याच अर्जदारांच्या बाबतीत आणखी एक मुद्दा असतो. अंगणवाडीतली निम्म्याहून अधिक मुलं मराठीशिवाय दुसरी भाषा बोलणारी असतील तर ती भाषा येणारी सेविका घ्यायची तरतूद आहे. उर्दू बोलणाऱ्या मोहल्ल्यात ही अट लावली की नाही हे जाहिरातीतच दिसलं पाहिजे. जाहिरात गप्प असेल तर यादी लागल्यावर तो मुद्दा काढून उपयोग होत नाही, जाहिरात निघाल्याबरोबर लेखी निवेदन द्यायला हवं.

ओबीसी, विमुक्त, भटके यांच्यासाठी नॉन-क्रिमिलेअर, म्हणजे उन्नत गटात मोडत नसल्याचं प्रमाणपत्र, मागितलेलं असेल तर लक्षात ठेवा, उत्पन्न आईवडिलांचं पाहिलं जातं, नवऱ्याचं नाही. आर्थिक दुर्बल घटकाच्या प्रमाणपत्रात मात्र नवराही कुटुंबात धरला जातो. दोन्हींची मर्यादा आठ लाख असल्यामुळे सेतूवालेही घोटाळा करतात आणि विवाहितेच्या नॉन-क्रिमिलेअरला सासऱ्याचा सातबारा जोडतात. तसं प्रमाणपत्र विरोधकाच्या हाती लागलं की संपलं.

कुणबी नोंदींवरून मिळालेल्या प्रमाणपत्रांचा प्रश्न इथून पुढे वाढत जाणार. 2 सप्टेंबर 2025 च्या हैदराबाद गॅझेटच्या शासन निर्णयानंतर तर नक्कीच. अंगणवाडीच्या निवडीपुरतं पाहायचं ते इतकंच की अर्जाच्या शेवटच्या तारखेला प्रमाणपत्र हातात होतं का. सेतूची पावती म्हणजे प्रमाणपत्र नव्हे. 2016 च्या रामकुमार गिजरोया निकालाचा आधार घेऊन उशिरा दिलेलं प्रमाणपत्र चालावं असं बरेच वकील मांडतात. पण जिथे जाहिरातीत तारीख स्पष्ट आहे तिथे कोर्टाने ती तारीख धरल्याचीही उदाहरणं आहेत. त्या आशेवर अर्ज भरू नये.

'तिची जात खोटी आहे'

हा आक्षेप बालविकास प्रकल्प अधिकाऱ्याकडे देऊन काहीच होत नाही, तरी नव्वद टक्के लोक तिथेच देतात. प्रमाणपत्र सक्षम अधिकाऱ्याचं आहे का, अर्जदाराचं आहे का, तारखेच्या आत आहे का, एवढंच त्या कार्यालयाला पाहता येतं. जात खरी की खोटी हे फक्त जात पडताळणी समिती ठरवते. 1994 च्या माधुरी पाटील निकालातून ही व्यवस्था आली आणि राज्याच्या 2000 च्या जात प्रमाणपत्र अधिनियमाने ती कायद्यात बसवली. अनुसूचित जाती, विमुक्त, भटके, ओबीसी, विशेष मागास यांच्यासाठी जिल्हा समिती, आणि अनुसूचित जमातीसाठी आदिवासी विकास विभागाची वेगळी समिती. नांदेड-हिंगोलीकडे मन्नेरवारलू आणि कोळी महादेव दाव्यांचा इतिहास मोठा असल्यामुळे जमातीच्या समितीकडे प्रकरणं वर्षानुवर्षं साचतात. जात सिद्ध करायचा भार अर्जदारावरच असतो, आक्षेप घेणाऱ्यावर नाही. समितीच्या निर्णयावर अपील नाही, थेट उच्च न्यायालयात रिट. प्रमाणपत्र रद्द झालं तर त्यावर मिळालेला लाभही जातो. 2017 च्या जगदीश बहिरा निकालाने यात सहानुभूतीला फारशी जागा ठेवलेली नाही. खोटं प्रमाणपत्र मिळवल्याचं सिद्ध झालं तर सहा महिने ते दोन वर्षं कैदेची तरतूद आहे.

मग निवडलेलीकडे व्हॅलिडिटी, म्हणजे समितीचं जात वैधता प्रमाणपत्र, नाही म्हणून ती बाद होते का? जाहिरातीत व्हॅलिडिटी मागितली नसेल तर तेवढ्यावरून नाही. पण अधिनियमाचं कलम 4 सांगतं की प्रमाणपत्र पडताळणीच्या अधीन राहूनच वैध असतं. म्हणून आक्षेपात मागणी अशी करा की प्रमाणपत्र समितीकडे पाठवा आणि नियुक्ती आदेशात 'पडताळणीच्या निर्णयाच्या अधीन' असं लिहा. ही मागणी मान्य होण्यासारखी असते. "नियुक्तीच थांबवा" ही सहसा होत नाही.

गावठाण, वाडी आणि तांडा

जातीचा म्हणून सुरू झालेला वाद निम्म्या वेळा रहिवासावर जिंकला किंवा हरला जातो. गट ग्रामपंचायत असेल तर दोन-तीन महसुली गावं एकाच ग्रामपंचायतीत असतात. पात्रता आहे महसुली गावची, वाडी-वस्ती-तांडा धरून. ग्रामपंचायतीचा 'आमच्या हद्दीत राहते' असा दाखला त्यामुळे अपुरा पडतो. तलाठ्याकडून महसुली गावाचं नाव असलेला रहिवासी दाखला, मतदार यादीतला भाग आणि घर क्रमांक, शिधापत्रिका, विजेचं बिल यांपैकी जास्तीत जास्त कागदांवर एकच गाव दिसायला हवं. आधारवर माहेरचा पत्ता आणि शिधापत्रिकेत नाव अजून वडिलांकडे, हे ऊसतोडीला जाणाऱ्या कुटुंबांत फार दिसतं. सहा महिने गाव सोडून कोपीवर, म्हणजे ऊसतोडीच्या तात्पुरत्या झोपडीत, राहिल्यामुळे रहिवास तुटत नाही, पण विरोधक तेच मांडतो. मुलांचं शाळेतलं नाव आणि मतदार यादी इथे कामाला येते.

तांडा स्वतंत्र महसुली गाव नसेल तर गावठाणातली बाई तांड्यावरच्या अंगणवाडीसाठी अर्ज करू शकते. तांड्यावरच्या लोकांना हे पटत नाही, आणि मलाही वाटतं की नियमात वस्तीवरच्या बाईला आधी संधी असायला हवी. पण आज नियम जो आहे त्यावर आक्षेप टिकतो किंवा पडतो. आणखी एक राहून जातं. पद रिकामं झालं की जाहिरातीआधी त्याच महसुली गावातल्या पात्र मदतनिसाचा विचार करावा लागतो. तशी मदतनीस असताना सरळ जाहिरात काढली असेल तर पूर्ण भरतीच अडचणीत येते, मग जातीच्या गुणांचा प्रश्नच उरत नाही.

आक्षेपापासून खंडपीठापर्यंत

तात्पुरती यादी लागली त्या दिवशी फलकाचा फोटो काढा, तारीख दिसेल असा. आक्षेपाची मुदत त्याच यादीखाली असते आणि ती कमी असते. तोंडी सांगू नका. आक्षेप एका पानात, रकान्याचं नाव, दिलेले गुण, देय गुण, कारण आणि जोडलेला कागद. आवक क्रमांक आणि शिक्का असलेली पोच घेतल्याशिवाय टेबल सोडू नका. पुढे खंडपीठात पहिला प्रश्न हाच येतो, मुदतीत आक्षेप घेतला होता का.

त्याच दिवशी माहितीच्या अधिकारात अर्ज टाका. फी 10 रुपये, मुदत 30 दिवस. गुणांचा तक्ता, छाननी समितीचं इतिवृत्त, जाहिरात आणि आक्षेपांवरचे निर्णय मागा. दुसरीचं जात प्रमाणपत्र 'त्रयस्थ व्यक्तीची माहिती' म्हणून नाकारलं जाऊ शकतं. गुणतक्ता आणि इतिवृत्त नाकारायला मात्र कारण नसतं, आणि बेरजेतल्या चुका तिथेच सापडतात. टक्केवारीचे गुण टप्प्याने असतात. 69.83 टक्के कुणी 70 धरले, तर पूर्ण टप्पा बदलतो. जातीवरून भांडणाऱ्या दोघींचा निकाल अशा एका पूर्णांकनावर लागू शकतो.

अंतिम यादीनंतर तक्रार जिल्हा परिषदेच्या महिला व बालविकास विभागाकडे जाते. आदेश कारणांसह लेखी मागा. एका ओळीचं 'तक्रार निकाली' हे पत्र म्हणजे निर्णय नव्हे, खंडपीठ असं पत्र रद्द करून फेरसुनावणीला पाठवू शकतं. निवडलेल्या बाजूलाही हे सांगितलं पाहिजे की दुसरीच्या तक्रारीवरून नोटीस न देता, म्हणणं न ऐकता तुमची नियुक्ती रद्द करता येत नाही. तसं झालं असेल तर तेवढा एकच मुद्दा पुरेसा ठरू शकतो.

प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये जाऊ नका. अंगणवाडी सेविका हे नागरी सेवेतलं पद नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्ये अमीरबी प्रकरणात ठरवलं आहे. 2022 च्या मणिबेन भारिया निकालाने सेविकांना ग्रॅच्युइटीचा हक्क दिला, पण त्याने हे पद नागरी सेवेत गेलं असा अर्थ होत नाही. रस्ता एकच, अनुच्छेद 226 खाली रिट याचिका. 1981 पासून खंडपीठ औरंगाबादला असल्यामुळे मुंबई गाठावी लागत नाही, तरी माहूर-किनवटहून ती रात्रभराची वाट आहे.

याचिकेत निवडलेल्या बाईला नावानिशी प्रतिवादी करा. तिला न ऐकता तिची नियुक्ती रद्द होऊ शकत नाही. प्रबोध वर्मा (1984) पासूनचा हा नियम आहे आणि तरीही फक्त सरकार आणि जिल्हा परिषदेला प्रतिवादी करून आलेल्या याचिका असतात. उशीर करू नका. नियुक्ती होऊन दोन वर्षं ती बाई काम करते आहे, प्रशिक्षण घेतलं आहे, आणि मग तुम्ही आलात, तर गुण तुमचे जास्त असले तरी हात रिकामे राहू शकतात. आणि नियम माहीत असून भरतीत भाग घेतला, निवड झाली नाही म्हणून आता नियमच चुकीचा, ही भूमिका चालत नाही. नियमालाच आव्हान द्यायचं तर अर्ज भरतानाच द्यावं लागतं.

खर्चाचं. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम 1987 च्या कलम 12 प्रमाणे प्रत्येक स्त्रीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. खंडपीठाच्या आवारात उच्च न्यायालय विधी सेवा उपसमिती आहे, आणि तालुक्याच्या कोर्टातल्या विधी सेवा समितीमार्फतही अर्ज पुढे जातो. आक्षेपाची पोच, दोन्ही याद्या, जाहिरात, शासन निर्णय, आपली सगळी प्रमाणपत्रं आणि तारखांचं एक पान एवढं घेऊन जायचं. तारखांचं पान स्वतः लिहा, वकिलाला त्यावरूनच याचिका उभी करता येते.

खंडपीठाकडून बहुतेक वेळा मिळतं ते गुणांची फेरतपासणी ठरावीक आठवड्यांत करण्याचा आदेश. थेट नियुक्ती क्वचित. म्हणून अंतरिम मागणी करताना अंगणवाडी बंद पडेल अशी स्थगिती मागू नका. 'नियुक्ती याचिकेच्या निकालाच्या अधीन राहील' एवढं मागा. ते लवकर मिळतं, आणि तोवर पोरांचा आहार आणि वजनं चालू राहतात.